पुकारले असता वादी गैरहजर: मुंबई उच्च न्यायालयाच्या माननीय मुख्य न्यायमूर्तींना खुले पत्र

प्रति,
माननीय मुख्य न्यायमूर्ती आणि माननीय नियम समिती,
मुंबई उच्च न्यायालय, मुंबई.

विषय: पाठपुरावा थांबला या कारणावरून दावे, अपिले व याचिका काढून टाकण्यापूर्वी खुद्द पक्षकाराला नोटीस देण्याबाबत.

माननीय महोदय,

मी एका तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात ३१ वर्षे नोकरी केली आणि सहायक अधीक्षक म्हणून निवृत्त झालो. मी वकील नाही आणि कायद्याची पदवीही माझ्याकडे नाही. मात्र रोजनामा, म्हणजे प्रकरणात त्या दिवशी काय घडले याची नोंद, लिहिणे हे माझे रोजचे काम होते आणि त्या रोजनाम्यातले एक ठरावीक वाक्य माझ्या हाताने किती वेळा उमटले असेल, याची मोजदाद मी कधी ठेवली नाही. ते वाक्य असे: ‘पुकारले असता वादी व त्यांचे वकील गैरहजर. दुपारच्या सत्रात पुन्हा पुकारले, गैरहजर. सायंकाळी ५ वाजेपर्यंत कोणीही हजर झाले नाही. सबब दावा गैरहजेरीत काढून टाकण्यात येतो.’ हे वाक्य खोटे नसे. पट्टेवाल्याने दारात उभे राहून तीनदा नाव पुकारलेले मी स्वतः ऐकलेले असे, आणि समोरचा बाक रिकामाही असे. तरीही त्या वाक्यातून जो अर्थ निघतो, तो पुष्कळदा खरा नसतो, हे सांगण्यासाठी हे पत्र लिहीत आहे.

त्या वाक्यातून निघणारा अर्थ असा की ज्याने न्याय मागितला, त्याला आता तो नको आहे. कायद्याने हे गृहीत धरण्यात गैर काही नाही. न्यायालयात दार ठोठावून कोणी निघून गेले, तर न्यायालयाने दार किती वर्षे उघडे ठेवायचे, आणि दुसऱ्या बाजूच्या माणसाने डोक्यावर टांगलेला दावा घेऊन किती वर्षे फिरायचे, हे प्रश्न रास्त आहेत. पण निघून गेलेला माणूस आणि ज्याला हाक ऐकूच गेली नाही असा माणूस, या दोघांत फरक करण्याची व्यवस्था आपल्याकडे निकालाच्या आधी नाही, नंतर आहे. आधी काढून टाकायचे आणि मग ‘पुरेसे कारण’ दाखव म्हणायचे, हा क्रम उलटा आहे. माझे म्हणणे एवढेच आहे.

माझ्या टेबलासमोर घडलेला एक प्रसंग सांगतो. गावाचे आणि माणसांचे नाव देत नाही. आमच्या तालुक्यातून दिवाळीच्या आगेमागे ऊसतोडीच्या टोळ्या निघतात, त्या गुढीपाडवा उलटल्यावर परत येतात. अशाच एका टोळीतली एक विधवा बाई एका मे महिन्यात कचेरीत आली. खताच्या रिकाम्या पिशवीत तिने कागद गुंडाळून आणले होते. सातबारा, मोजणीचा नकाशा, वकिलांच्या फीच्या दोन पावत्या आणि एका जुन्या तारखेची चिठ्ठी. दिराने बांध कोरून ११ गुंठे आपल्या बाजूला घेतले होते, ते परत मिळावेत आणि बांधावरच्या दोन चिंचा तोडू नयेत, असा तिचा दावा होता. चिंचांपुरता तूर्तातूर्त मनाई हुकूमही तिला मिळालेला होता. ती म्हणाली, ‘सायब, माझी तारीख कवाची हाय, तेवढं बघून सांगा.’

मी रजिस्टर काढले. दावा फेब्रुवारीतच गैरहजेरीत गेलेला होता. त्या दिवशीचा रोजनामा माझ्याच अक्षरातला होता. तिचे वकील जानेवारीत वारले होते, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होते. बार रूममध्ये त्यांची शोकसभा झाली, त्या दिवशी दुपारनंतर कामकाजही झाले नव्हते. पण कोणत्या दाव्यात त्यांचे वकीलपत्र होते, हे शोधून त्या त्या पक्षकाराला कळवण्याचे काम कोणाचेच नव्हते. बोर्डावर, म्हणजे त्या दिवसाच्या कामाच्या यादीत, दावा आला, दिराचे वकील उभे राहिले, आणि दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ९ च्या नियम ८ प्रमाणे जे व्हायचे ते झाले.

तिला हे समजावून सांगताना माझी जी अवस्था झाली, ती सांगण्याची ही जागा नव्हे. पुढची प्रक्रिया मात्र सांगितली पाहिजे, कारण वर्तमानपत्र वाचणाऱ्या माणसालाही ती माहीत नसते. नियम ८ खाली म्हणजे प्रतिवादी हजर आणि वादी गैरहजर असताना दावा निघाला, तर नियम ९ नुसार त्याच कारणावर नवा दावा आणता येत नाही. जुनाच पुन्हा फाईलवर घ्यावा म्हणून अर्ज करावा लागतो आणि त्या दिवशी न येण्याला पुरेसे कारण होते हे पटवावे लागते. दोन्ही बाजू गैरहजर राहिल्या असत्या, तर नियम ४ प्रमाणे मुदतीत असल्यास तिला नवा दावाही टाकता आला असता. म्हणजे दीरही त्या दिवशी आला नसता, तर तिची बाजू अधिक भक्कम राहिली असती! अर्जाला मुदत ३० दिवस. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील १२२ व्या अनुच्छेदात ही मुदत दावा काढून टाकल्याच्या तारखेपासून मोजली जाते, पक्षकाराला ते कळल्याच्या तारखेपासून नव्हे. लगेच पुढच्या, १२३ व्या, अनुच्छेदात एकतर्फी हुकूमनामा झालेल्या प्रतिवादीला मात्र, समन्स रीतसर बजावलेले नसेल, तर कळल्यापासून ३० दिवस दिलेले आहेत. दावा आपणच आणला आहे, तेव्हा वादीला त्याची खबर असणारच, हा त्यामागचा विचार. तो कागदावर चोख आहे. फेब्रुवारीत कर्नाटकातल्या एका फडात पहाटे तीनला कोयता हातात घेणाऱ्या बाईला तो लागू करून पाहावा.

तेव्हा तिला दोन अर्ज करावे लागले, एक विलंब माफीचा आणि दुसरा दावा परत घेण्याचा. विलंब माफीच्या अर्जाची दिराला नोटीस. त्याने ती दोनदा चुकवली. बेलिफाचा भत्ता तीनदा भरला गेला. अर्ज मंजूर होईपर्यंत अडीच वर्षे गेली, आणि दाव्यात मुद्दे जिथे निघाले होते तिथेच ती पुन्हा येऊन उभी राहिली. दरम्यान दोन्ही चिंचा गेल्या होत्या. दावा निघाला तशी मनाईही गेली होती. दावा पुन्हा फाईलवर आला की आधीचे अंतरिम आदेश, न्यायालयाने वेगळे काही म्हटले नसेल तर, पुन्हा अमलात येतात, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली वरीद जेकब प्रकरणात म्हटलेले आहे. बाईच्या बाबतीत अमलात यायला झाडेच उरली नव्हती.

हे एकच उदाहरण मी लांबवले, कारण यात कोणी वाईट वागलेले नाही. न्यायाधीशांनी कायदा पाळला, मी जे घडले ते लिहिले, दिराच्या वकिलांनी आपले काम केले. बाईनेही वकील दिला होता, फी दिली होती. तिने पाठपुरावा थांबवला, असे मात्र सरकारी तक्त्यात कायमचे नोंदले गेले.

पाठपुरावा का थांबतो, याची कारणे मला कचेरीतून जशी दिसली, तशी सांगतो. वकील वारतात, न्यायाधीश होतात, जिल्ह्याच्या ठिकाणी निघून जातात, किंवा फी थकली म्हणून बोलत नाहीसे होतात. वादीच मरतो, मग आदेश २२ प्रमाणे ९० दिवसांत वारस रेकॉर्डवर आले नाहीत, तर त्याच्यापुरता दावा आपोआप संपतो, आणि बाराव्यातून उठलेल्या मुलांना बापाच्या तारखा कोणत्या न्यायालयात होत्या हेच माहीत नसते. समन्स न बजावता परत आले, तर नवे समन्स काढण्यासाठी संहितेत आता केवळ सात दिवस आहेत. परतीचा शेरा काय आला हे वकिलाच्या कारकुनाने पाहिले नाही, तर ‘स्टेप्स घेतल्या नाहीत’ म्हणून दावा जातो. आपल्या न्यायालयात रूल मंजूर झालेली, म्हणजे अंतिम सुनावणीसाठी दाखल करून घेतलेली, याचिका दहा-बारा वर्षांनी अंतिम सुनावणीला येते, तेव्हा ज्यांच्या सहीने ती दाखल झाली त्यांचे कार्यालयच उरलेले नसते. मग याचिकाकर्त्यातर्फे कोणी नाही, रूल डिस्चार्ज (म्हणजे याचिका फेटाळली), अंतरिम आदेश रद्द, अशा दोन ओळी इंग्रजीत निघतात. जात पडताळणी समितीच्या आदेशाला स्थगिती मिळवून नोकरी करणाऱ्या माणसाला त्या दोन ओळींचा अर्थ त्याच्या खात्याच्या पत्रातून कळतो. कार्यालयीन हरकती अमुक आठवड्यांत दूर न केल्यास याचिका न्यायपीठापुढे न जाता आपोआप फेटाळली जाईल, असा सशर्त आदेश तर पुकारण्याचीही वाट पाहत नाही.

आणि काही लोक खरोखरच सोडून देतात. कंटाळतात, बाहेर तडजोड करतात, आणि तसे लिहून देणारी पुरसिस द्यायलाही येत नाहीत. काही लबाडही असतात. मनाई मिळाली की त्यांना दावा नको असतो, तारीख हवी असते. त्यांचा दावा चालला तर ते हरणार असतात आणि न चालला तर जिंकलेले असतात. अशा वादीचा दावा गैरहजेरीत निघाला, तर मला त्याचे सुतराम वाईट वाटत नाही, आणि तो परत घेताना न्यायालयाने खर्चाची रक्कम हजारांत लावली, तरी ती कमीच म्हणेन. माझे पत्र या लोकांसाठी नाही. पण रिकाम्या बाकाकडे पाहून यातला कोण कुठला, हे कोणत्याही न्यायाधीशाला ओळखता येत नाही. ते ओळखायचे तर एकदा विचारावे लागते.

सर्वोच्च न्यायालयाने या प्रश्नाकडे वेळोवेळी पाहिलेले आहे, आणि ते एकाच बाजूने पाहिलेले नाही. १९५५ साली संग्राम सिंग प्रकरणात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी प्रक्रियेचा कायदा हा न्यायाला मदत करण्यासाठी आहे, लोकांना शिक्षा करण्यासाठी किंवा पायात अडकवून पाडण्यासाठी नाही, या आशयाचे म्हटले. १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल या निकालात न्यायमूर्ती देसाई यांनी तर खेड्यातला पक्षकार डोळ्यांपुढे ठेवला: त्याने वकील दिला, फी दिली, त्याच्याकडून अपेक्षित होते ते सगळे केले, आता वकील आला नाही म्हणून त्याने का भोगावे? पण १९९३ च्या सलील दत्ता प्रकरणात न्यायालयानेच सांगितले की हा सरसकट नियम नव्हे, आणि कलकत्त्यातच कार्यालय असलेल्या कंपनीला तो आधार घेता येणार नाही. २०२४ च्या नोव्हेंबरात रजनीश कुमार प्रकरणात पुन्हा बजावले गेले की वकिलावर ढकलून पक्षकाराला मोकळे होता येणार नाही, आपल्या प्रकरणाची चौकशी त्याने स्वतःही करत राहिले पाहिजे.

या निकालांत मला विरोध दिसत नाही. कंपनीला जे जमते ते शेतमजुराला जमत नाही, एवढाच त्यांचा मथितार्थ. अडचण अशी की हा भेद निकालपत्रांत आहे, कचेरीच्या कामात नाही. तो भेद आपल्याला लागू व्हावा म्हणून त्या शेतमजुराला आधी दावा गमवावा लागतो, मग वकील शोधावा लागतो, मग अडीच वर्षे घालवावी लागतात.

एका बाबतीत मात्र गैरहजेरीत काढून टाकणे हे परवडले, असे म्हणायची वेळ येते. अपील करणारा आला नाही तर अपील गैरहजेरीत काढून टाकता येते, गुणदोषांवर फेटाळता येत नाही, असे स्पष्टीकरण आदेश ४१ च्या नियम १७ ला १९७६ च्या दुरुस्तीने जोडले गेले. तरीही अपीलकर्त्याच्या पश्चात कागद वाचून ‘अपिलात तथ्य नाही’ असा निकाल देण्याची सवय सुटली नाही, आणि २०२३ साली बेनी डिसूझा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाला तेच पुन्हा सांगावे लागले. फरक बारीक वाटतो, पण फार मोठा आहे. गैरहजेरीत निघालेले अपील पुन्हा फाईलवर येऊ शकते. गुणदोषांवर फेटाळले की ती वाट बंद. न ऐकता दिलेला निकाल ऐकून दिल्यासारखा दिसतो, आणि वरच्या न्यायालयातही तो तसाच वाचला जातो. फौजदारी अपिलात याच्या नेमके उलट आहे: बनी सिंग प्रकरणात १९९६ साली ठरले की आरोपीचे अपील गैरहजेरीच्या कारणाने काढून टाकायचेच नाही, रेकॉर्ड पाहून गुणदोषांवरच निकाल द्यायचा, कारण तिथे माणसाचे स्वातंत्र्य पणाला लागलेले असते. भूसंपादनाच्या जुन्या कायद्यातील कलम १८ च्या संदर्भांचेही, म्हणजे मोबदला मान्य नसल्यास न्यायालयाकडे जाणाऱ्या प्रकरणांचेही, तसेच. ते शेतकऱ्याने दाखल केलेले दावे नसून जिल्हाधिकाऱ्याने पाठवलेले संदर्भ असतात, म्हणून त्यांचे उत्तर निवाड्यानेच द्यावे लागते, असे खझान सिंग प्रकरणात २००२ साली सांगितले गेले. धरणाखाली जमीन गेलेल्या आणि गाव उठून तीन तालुक्यांत विखुरलेल्या लोकांच्या दृष्टीने या निकालाची किंमत काय आहे, हे मी वेगळे सांगायला नको.

जनहित याचिकेचा दाखलाही इथे आठवतो. मुंबईच्या पत्रकार शीला बर्से यांनी तुरुंगात ठेवलेल्या मुलांसंबंधी सर्वोच्च न्यायालयात याचिका केली होती. कामकाजाच्या संथपणावर नाराज होऊन त्यांनी १९८८ साली ती मागे घेण्याची परवानगी मागितली. न्यायालयाने त्यांचे नाव याचिकाकर्त्या म्हणून कमी केले, पण याचिका निकालात काढली नाही. ती पुढे चालवण्याचे काम सर्वोच्च न्यायालयाच्या विधी साहाय्य समितीकडे सोपवले. याचिका करणारी व्यक्ती थांबली तरी तुरुंगातली मुले तिथेच होती, हा विचार त्यामागे होता. माझ्यासारख्या कारकुनाच्या नजरेला यात आणखी एक गोष्ट दिसते. कोणी थांबले तर आधी विचारायचे की का थांबलात, आणि मग ठरवायचे. शीला बर्से यांना ते विचारले गेले, कारण त्या स्वतः न्यायालयापुढे उभ्या होत्या. जी बाई उभी राहू शकत नाही, तिलाही ते विचारता येईल का?

महोदय, विचारता येईल, आणि संसदेने ते एका ठिकाणी करूनही दाखवले आहे. समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिला तर दंडाधिकारी त्याच दिवशी आरोपीला दोषमुक्त सोडू शकत असत; जुन्या फौजदारी संहितेचे कलम २५६ तसे होते. धनादेश न वटल्याच्या किती फिर्यादी या एका कलमाने गेल्या, हे कोणत्याही दंडाधिकारी न्यायालयाच्या कर्मचाऱ्याला विचारावे. दंडाधिकाऱ्याला आपला आदेश परत घेता येत नसे, त्यामुळे फिर्यादीला थेट वर अपिलात जावे लागे. १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ मध्ये त्या जागी नवे शब्द आले: फिर्यादीला हजर राहण्यासाठी ३० दिवसांचा अवधी दिल्यानंतर. नव्या संहितेवर बोलणाऱ्यांनी मोठमोठ्या कलमांवर पुष्कळ लिहिले. या चार शब्दांकडे फारसे कोणी पाहिले नाही. हातउसने दिलेल्या पन्नास हजारांच्या धनादेशासाठी जर ३० दिवस थांबता येत असेल, तर ११ गुंठ्यांसाठी आणि नोकरीवरच्या स्थगितीसाठी का थांबता येऊ नये?

पक्षकाराचा पत्ता शोधायला न्यायालयाला कुठे जायचे नाही. दिवाणी संहितेच्या आदेश ६ च्या नियम १४-अ प्रमाणे प्रत्येक पक्षकाराने आपला नोंदणीकृत पत्ता वादपत्रासोबत किंवा लेखी कैफियतीसोबत द्यायचा असतो. तो कागद प्रत्येक फाईलमध्ये असतो. माझ्या ३१ वर्षांत तो कोणी उघडून पाहिल्याचे मला आठवत नाही, कारण आदेश ३ च्या नियम ५ नुसार वकिलाला दिलेली नोटीस ही पक्षकाराला दिल्यासारखीच समजली जाते आणि वकील समोरच असतात. ई-कोर्ट्सचे एसएमएस सुरू झाल्यावर वाटले होते की आता तारीख थेट माणसाच्या खिशात जाईल. पण दाखल करताना फॉर्ममधल्या मोबाईल क्रमांकाच्या रकान्यात वकिलांचा क्रमांक पडतो, आणि पक्षकाराचा रकाना कोरा राहतो. मी स्वतः असे शेकडो फॉर्म कोऱ्या रकान्यासह स्वीकारलेले आहेत. दोष माझाही आहे.

तेव्हा विनंती अशी आहे. दावा, अपील किंवा याचिका पाठपुराव्याअभावी काढून टाकण्याच्या टप्प्यावर आली, की त्या दिवशी ती काढून टाकू नये; ३० दिवसांनंतरची एक तारीख द्यावी आणि नोंदणीकृत पत्त्यावर खुद्द पक्षकाराच्या नावे मराठीत नोटीस पाठवावी. राज्यातील कनिष्ठ न्यायालयांची भाषा १९९८ पासून मराठी आहे, तेव्हा भाषेची अडचण नाही; आपल्या न्यायालयाचे कामकाज इंग्रजीत चालते हे मान्य, पण नोटिसीसोबत मराठी मजकूर देण्यास कोणाचा मज्जाव नसावा. ज्या प्रकरणात गैरहजर बाजूच्या हातात मनाई किंवा स्थगिती आहे, तिथे ही सवलत एकदाच असावी, आणि विरुद्ध पक्षाने मागणी केल्यास तेवढ्या ३० दिवसांपुरता तो अंतरिम आदेश चालू ठेवायचा की नाही, हे न्यायालयाने त्याच दिवशी ठरवावे, म्हणजे लबाडांची सोय होणार नाही. वकिलांच्या निधनाची नोंद बार असोसिएशनकडून आली, की त्यांच्या वकीलपत्राच्या सगळ्या प्रकरणांची यादी संगणकावरून निघते. ती काढणे हे कोणा एका कर्मचाऱ्याचे काम म्हणून नेमून द्यावे. मुदतीच्या कायद्यातील ३० दिवस बदलणे आपल्या हाती नाही, ते संसदेचे काम आहे. परंतु दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १२२ खाली नियम करण्याचा अधिकार या न्यायालयाला आहे, कलम १२६ प्रमाणे राज्य शासनाची पूर्वमान्यता घेऊन. आणि तोवर सिव्हिल मॅन्युअलमध्ये, म्हणजे दिवाणी न्यायालयांच्या कामकाजाच्या नियमपुस्तिकेत, एक परिच्छेद घालणे, किंवा संविधानाच्या अनुच्छेद २२७ खालील देखरेखीच्या अधिकारात परिपत्रक काढणे, याला फार काळ लागू नये.

आणखी एक लहानशी मागणी. महिनाअखेरच्या तक्त्यात आम्ही निकाली प्रकरणे ‘लढतीने’ आणि ‘बिनलढत’ अशा दोन रकान्यांत दाखवत असू. तडजोडीने मिटलेले प्रकरण आणि गैरहजेरीत गेलेले प्रकरण एकाच, दुसऱ्या रकान्यात पडत असे. मार्चअखेरीस तो रकाना फुगला, की वरून कौतुकाचे पत्र येई. गैरहजेरीत काढलेली प्रकरणे वेगळी दाखवावीत, आणि त्यातली किती पुन्हा फाईलवर घ्यावी लागली, हेही पुढच्या रकान्यात दाखवावे. ज्या न्यायालयात दुसरा आकडा मोठा निघेल, तिथे पहिला आकडा कसा आला, हे तपासणीला आलेल्या जिल्हा न्यायाधीशांना विचारता येईल.

नोटिसीचा मजकूर मी करून पाहिला आहे. कायद्याच्या भाषेची सवय हाताला असल्याने पहिला मसुदा मलाच समजेना, म्हणून गावातल्या एका आशाताईंकडून वाचून घेतला आणि त्यांना जे अडले ते काढून टाकले. उरला तो असा:

‘आपण दाखल केलेला रेग्युलर दिवाणी दावा क्रमांक … हा दिनांक … रोजी पुकारला, तेव्हा आपण किंवा आपले वकील हजर नव्हते. हा दावा आता दिनांक … रोजी सकाळी ११ वाजता ठेवला आहे. त्या दिवशी आपण किंवा आपले वकील आले नाहीत, तर दावा बंद होईल आणि त्यातील मनाई हुकूमही संपेल. आपले वकील वारले असतील, त्यांनी काम सोडले असेल किंवा वकील देण्याची आपली ऐपत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीच्या कार्यालयात या. दावा आपणांस पुढे चालवायचा नसेल, तर तसे या कागदाच्या मागे लिहून, सही किंवा अंगठा करून पाठवा.’

हे अर्ध्या पानात बसते. रजिस्टर पोस्ट आता स्पीड पोस्टात विलीन झाले आहे, त्यामुळे कागद कुठवर पोचला हे कचेरीतल्या संगणकावर दिसते. टपालाचा खर्च प्रकरण पुन्हा फाईलवर घेण्याच्या एका अर्जाला लागणाऱ्या बेलिफाच्या भत्त्यापेक्षा कमी येईल. पत्त्यावर कोणी भेटले नाही, तर विधी सेवा समितीचे स्वयंसेवक गावोगावी आहेतच. त्यांनी तो कागद ग्रामपंचायतीच्या फलकावर लावून घरातल्या म्हाताऱ्या माणसांना वाचून दाखवावा, म्हणजे फडावर फोन जाईल.

सगळीकडे एकदम करणे जड वाटत असेल, तर जिथून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात, अशा काही तालुक्यांतील न्यायालयांत ऑक्टोबर ते एप्रिल एवढ्या एका हंगामापुरते करून पाहावे. रजिस्टर कसे ठेवायचे, कोणते रकाने लागतील, हे लिहून देण्यास मी तयार आहे. मला वेळ आहे, आणि अक्षर अजून बरे आहे.

आपला नम्र,
एक सेवानिवृत्त सहायक अधीक्षक,
दिवाणी न्यायालय